तो आला की ती आली?

आई उन्हाळ्यापुरती फिनलंडमध्ये एस्पोला आमच्याकडे आली होती, त्याच आठवड्यात ते काम हाती आलं. 'कोमिसारियो पाल्मुन एरेहदुस' या फिनिश चित्रपटाची मराठी सबटायटल्स. १९६०चा कृष्णधवल सिनेमा, दिग्दर्शक मात्ती कास्सिला, मूळ कादंबरी मिका वाल्तारीची. १९३०च्या दशकातलं हेलसिंकी. ब्रूनो रिगसेक हा बडा असामी घरातल्याच पोहण्याच्या हौदात मेलेला सापडतो आणि योएल रिन्नेचा पाल्मू तपासाला येतो.

नावातच अडलो. 'कमिशनर' लिहिलं असतं तर हौदाच्या काठावर थेट पोलीस आयुक्त उभे राहिले असते. इन्स्पेक्टर केलं. 'एरेहदुस' म्हणजे चूक, तिथे प्रश्न नव्हता.

तिसऱ्या दिवशी निम्मं काम झाल्यावर आईला समोर बसवलं. फिनिश तिला ओ की ठो येत नाही, म्हणजे परीक्षक उत्तम. खुनी कोण याची चर्चा सुरू झाली आणि दोन ओळींत ती म्हणाली, "चला, बायका सुटल्या."

"कशावरून?"

"तूच लिहिलंयस की. 'आला असेल', 'गेला असेल'."

मी कपाळावर हात मारला. फिनिशमध्ये तो आणि ती दोघांनाही एकच शब्द, 'हॅन'. क्रियापदालाही लिंग नाही. 'हॅन तुली' म्हणजे तो आला, किंवा ती आली. तिथला प्रेक्षक शेवटपर्यंत अंधारात राहतो आणि मी एका काना-मात्रेत निम्मे संशयित सोडून दिले होते!

रात्रभर ओळी उसवत बसलो. जून महिना, अकरा वाजले तरी खिडकीत उजेड. आपलं नपुंसकलिंग तेव्हा देवासारखं धावून आलं: "कोण आलं होतं?" यात कुणीही मावतं. हिंदीत ही सोय नाही. 'दार उघडलं', 'चावी घेतली' यांत क्रियापद दाराकडे, चावीकडे बघतं, माणसाकडे नाही. कर्ता गाळला की झालं. फक्त 'ज्यानं' टाळताना दमछाक झाली, आणि दोन ठिकाणी वाक्य जरा सरकारी झालं ते झालंच.

सकाळी चहाबरोबर आईला पुन्हा बसवलं. यावेळी ती बराच वेळ गप्प.

"आता काही कळत नाही बाई," म्हणाली. मग पडद्याकडे बोट दाखवून, "पण मला हा आचारी बरा वाटत नाही."

पाल्मूच्या हाताखालचा तो कोक्की. नावाचा अर्थ मीच तिला सांगितला होता.

"आई, तो पोलीस आहे."