पेट्रा : पाणी अडवणाऱ्या अरबांची राजधानी

जॉर्डनमधल्या पेट्रा या प्राचीन शहरात सकाळी सहाला आत शिरणारे आम्ही जेमतेम दहा-बारा जण होतो. वादी मूसा गावाखालची वाट एका बंधाऱ्यापाशी येते आणि तिथून 'सीक' सुरू होते. सव्वा किलोमीटर लांबीची ही चिंचोळी घळ, दोन्ही अंगांना आभाळ झाकणारे गुलाबी-तांबूस कडे. सगळे माना वर करून चालत होते. मी मात्र खडकात कोरलेली पन्हळ बघत चाललो होतो.

मी धाराशिव जिल्ह्यातला. टँकरच्या रांगेत घागरी लावण्यात ज्याचं लहानपण गेलं, त्याची नजर आधी पाण्याकडेच जाणार. एका बाजूला कातळात खोदलेली पन्हळ, दुसऱ्या बाजूला भाजक्या मातीच्या नळांचे अवशेष, मधेमधे गाळ बसायला छोटी कुंडं. इथे वर्षाला दोनशे मिलिमीटरही पाऊस पडत नाही. आमच्याकडे भर दुष्काळात याहून जास्त पडतो. तेवढ्यावर इथल्या नबाती लोकांनी राजधानी वसवली, बागा फुलवल्या, भर वस्तीत मोठा तलाव बांधून त्याच्या मधोमध मंडप उभारला. हे बघताना माझ्या घशात काहीतरी अडकलं.

नबाती हे मूळचे उंटांच्या तांड्यांवर जगणारे अरब. दक्षिण अरबस्तानातला ऊद आणि बोळ हे सुगंधी डिंक गाझाच्या बंदरापर्यंत पोचवायचे, हा त्यांचा धंदा. आपल्या शहराला ते 'रक्मू' म्हणत. 'पेट्रा' हे ग्रीकांनी दिलेलं नाव, त्याचा अर्थ खडक. इ.स.पू. ३१२ मध्ये अलेक्झांडरचा एक सरदार अँटिगोनस याने त्यांच्यावर फौज धाडली, पण त्याला ते आवरले नाहीत. वाळवंटात जमिनीखाली टाकी खोदायची, आतून गिलावा करायचा, तोंड लहान ठेवायचं आणि त्याची खूण फक्त आपल्या माणसांना ठाऊक ठेवायची, ही त्यांची रीत ग्रीक इतिहासकारांनी नोंदवली आहे. चालून आलेली फौज तहानेने हैराण व्हायची आणि हे निवांत पाणी पीत बसायचे.

सीकच्या भिंतीत जागोजागी देवळ्या आहेत. आत मूर्ती नाही, नुसता चौकोनी दगड. हा त्यांचा मुख्य देव दुशारा. काही दगडांवर डोळे आणि नाकाची रेघ तेवढी कोरलेली. मला लगेच आपला तांदळा आठवला. न घडवलेल्या दगडात देव बघणं आपल्याला शिकवावं लागत नाही.

मग घळ एकदम उघडते आणि समोर 'खजना', म्हणजे खजिना. चाळीसेक मीटर उंचीचा हा दर्शनी भाग एकाच कड्यात कोरलेला आहे. खजिना वगैरे तिथे नव्हता, ते बहुधा चौथ्या अरेटास राजाचं थडगं असावं. इ.स.पू. ९ ते इ.स. ४० हा त्याचा काळ, आणि नाण्यांवर त्याचं बिरुद 'आपल्या लोकांवर प्रेम करणारा' असं आहे. पुढे एक अर्धवट राहिलेलं थडगं आहे, तिथे कोरीवकाम वरून खाली उतरत कसं होत गेलं ते स्पष्ट दिसतं. वेरूळच्या कैलासाचीही हीच पद्धत.

आणखी एक धागा मला इथे घेऊन आला होता. पहिल्या शतकातल्या एका ग्रीक दर्यावर्दी मार्गदर्शिकेत, पेरिप्लसमध्ये, तांबड्या समुद्रावरच्या बंदरातून पेट्राला, नबात्यांचा राजा मालिखस याच्याकडे जाणाऱ्या वाटेचा उल्लेख आहे. त्याच पुस्तकात पुढे पैठण आणि तगर येतात. तगर म्हणजे आमचं तेर. ज्या पांढरीच्या मातीत आम्ही पोरं मणी शोधत फिरायचो, तिचं आणि या कड्यांचं नाव एकाच खलाशाने लिहून ठेवलंय!

इ.स. १०६ मध्ये रोमन सम्राट ट्राजनने हे नबाती राज्य रोमला जोडलं. शहर तेव्हा मोडलं नाही. उलट खांबांचा रस्ता नटला, १३० मध्ये सम्राट हेड्रियन येऊन गेला. पण माल आता जहाजांनी इजिप्तकडे आणि तांड्यांनी सीरियातल्या पाल्मिराकडे वळत होता. मग ३६३ च्या मे महिन्यातला भूकंप. त्यानंतरही माणसं राहिलीच. एका मोठ्या थडग्याचं पाचव्या शतकात चर्च झालं. दुसऱ्या एका चर्चमध्ये १९९३ साली सहाव्या शतकातल्या जळक्या पपायरसच्या गुंडाळ्या सापडल्या. जमिनी, वारसाहक्क, खरेदीखतं, असे घरगुती कागद!

१८१२ मध्ये स्विस प्रवासी बुर्कहार्ट मुसलमान यात्रेकरूच्या वेशात, हारून पैगंबराच्या कबरीपाशी बकरा कापायचा नवस सांगून इथे पोचला. त्याने पेट्रा 'शोधलं' म्हणतात, ते मला पटत नाही. इथल्या बदूंना, म्हणजे वाळवंटातल्या भटक्या अरबांना, ते कधी हरवलेलंच नव्हतं. बदूल जमातीची कुटुंबं या लेण्यांमध्ये संसार करत होती. १९८५ साली पेट्रा जागतिक वारसा ठरलं आणि त्याच सुमारास त्यांना वरच्या उम्म सैहून गावात हलवलं गेलं.

डोंगरावरच्या अद-दैर या कोरीव वास्तूच्या आठशेहून अधिक पायऱ्या चढताना अर्ध्यावर एका बदू आजीने चहा दिला. तिचा नातू दुभाषा. मी सकाळच्या बंधाऱ्याचा विषय काढला. १९६३ च्या एप्रिलमध्ये सीकमध्ये पाण्याचा लोंढा शिरून वीसहून अधिक फ्रेंच प्रवासी दगावले, कारण पूर वळवणारा नबाती बंधारा तोवर नाहीसा झाला होता. मग नवा बंधारा त्याच जागी बांधला, आणि पाणी आजही नबात्यांनी खोदलेल्या बोगद्यातूनच वळतं. आजीला तो लोंढा आठवत होता. मग ती उठली, मला पलीकडच्या कपारीपाशी घेऊन गेली आणि एक काळोखं टाकं दाखवलं. लग्न होऊन आल्यावर ती इथूनच पाणी भरायची.

मी वाकून खडा टाकला. खाली डुबुक असा आवाज आला.