सरांनी रिवाइंड करून दाखवलेला कालिया

स्मरणिकेसाठी काहीतरी लिही असा ग्रुपवर मेसेज आला तेव्हा मला पहिल्यांदा आठवले ते 'शोले'त कालियाचं काम केलेले नट विजू खोटे. ते आमच्या देवगडचे नाहीत, शाळेत कधी आलेही नाहीत, पण माझ्यासाठी ते या शाळेचेच आहेत.

१९८८ साल, मी नववीत. गॅदरिंगच्या नाटकात मला शिपायाचं काम आलं, वाक्य एकच, "महाराज, बंदरात गलबत लागलंय." घरी येऊन रडलो, आईला म्हटलं मी नाय करणार. मराठीच्या सरांना हे कळलं पण ते काहीच बोलले नाहीत. त्याच आठवड्यात वाडीत सत्यनारायणाला व्हिडीओ आणलेला, त्यावर 'शोले', आणि कालियाचा सीन संपल्या संपल्या सरांनी व्हिडीओवाल्याला कॅसेट मागे घ्यायला लावली. पोरं ओरडायला लागली तरी सर ऐकेनात, मला हाताला धरून पुढे चटईवर बसवलं. गब्बर तिघांच्या डोक्याला पिस्तूल लावून चाप ओढतो, गोळी सुटत नाही, तो हसतो, मग हळूहळू सगळेच हसायला लागतात, कालियापण. सर कानात म्हणाले, "तोंड हसता, पण डोळे हसतत काय बघ."

त्या सीनमध्ये गब्बर आपल्याला पहिल्यांदाच दिसतो आणि त्याची भीती वाटते ती कालियाच्या तोंडाकडे बघून, हे मला त्या रात्री कळलं. काम जेमतेम काही मिनिटांचं, १९७५ चं, आणि लोक अजून विजू खोटेंना त्याच नावाने ओळखतात. वडील नंदू खोटे मूकपटातले नट, बहीण शुभा खोटे, घरातच अभिनय, तरी हा माणूस आयुष्यभर छोटी छोटी कामं करत राहिला, मराठी-हिंदी मिळून तीनशेच्या वर सिनेमे, नाटकं वेगळीच. 'बनवाबनवी'त होते, 'अंदाज अपना अपना'मधला रॉबर्ट तर आमच्या कॉलेजात सगळ्यांना पाठ होता. मोठा रोल का मिळाला नाही हे मला आजही लागतं.

मी शिपायाचं काम केलं. सरांनी पंधरा दिवस फक्त "महाराज" नंतर थांबायचं कसं ते शिकवलं, धावत आलायस, दम लागलाय, राजाला घाबरतोयस, मग गलबत.

३० सप्टेंबर २०१९ ला विजू खोटे गेल्याची बातमी डोंबिवलीला गाडीत वाचली, उतरल्यावर प्लॅटफॉर्मवरूनच सरांना फोन लावला. सर जरा वेळ गप्प होते, मग म्हणाले, "तुझा वाक्य म्हणान दाखव बघूया."

म्हटलं.

"हां. थांबलंस बरोबर."