तुम्ही विचारलंत म्हणून: वारलीत पिकअप कशाला?

प्रश्न बहुतेक चहाच्या कपाबरोबर येतो. "ताई, चित्रं सुरेखच आहेत, पण हा पिकअप कशाला? हे विजेचे टॉवर? वारली म्हणजे झोपडी, बैल, तारप्याभोवतीचा फेर. गावाकडचं कसं निवांत वाटतं बघताना." विचारणाऱ्याच्या मनात वाईट काही नसतं, म्हणून आजवर हसून सोडून दिलं. आता एकदा लिहूनच टाकते.

निवांत नक्की कोण आहे? दिवाळी झाली, भात झोडून झालं, की डहाणू-जव्हारकडचे कितीतरी पाडे अर्धे रिकामे होतात. उचल आधीच घेतलेली असते. पिकअप गाडी येते आणि माणसं भिवंडी-वसईकडच्या वीटभट्ट्यांवर जातात. भांडी, गोधड्या, कोंबड्या, पोरं, सगळं एकाच गाडीत. परत यायचं ते पाऊस तोंडावर आला की. तुमच्या आवडत्या झोपडीला तेवढे महिने कडी. फेराचं चित्र खोटं असं मी म्हणत नाही, फेर मीही काढते. पण तेवढंच खरं आणि बाकी सगळं बिघडलेलं, हे काही मला पटत नाही.

दुसरा आक्षेप परंपरेचा. बरं, परंपरा बघू. लग्नाचा चौक, म्हणजे देवीचं चौकटीतलं चित्र, सवासिणींनी आतल्या भिंतीवर लिहायचा; चौक काढत नाहीत, लिहितात. धवलेरी, म्हणजे लग्न लावणारी बाई, गाते. मध्ये पालघाट देवी, बाजूला पाच डोक्यांचा देव पाचशिऱ्या. आणि देवीच्या आसपास काय असतं? फणी, शिडी. रोज हाताशी असणाऱ्या वस्तू. 1970च्या दशकात चित्रकार भास्कर कुलकर्णींनी कागद आणून दिले आणि डहाणूकडच्या गंजाडच्या जिव्या सोमा म्हसे यांनी, एका पुरुषानं, लग्नकार्य नसताना रोज चित्रं काढायला घेतली. परंपरा मोडायची ती तिथेच मोडली होती. त्यांना 2011 मध्ये पद्मश्री मिळाली, 2014 मध्ये वारली चित्रकलेला भौगोलिक मानांकन मिळालं, आणि त्या मोडण्यालाच आता परंपरा म्हणतात. त्याच गंजाडच्या राजेश वांगड यांनी छायाचित्रकार गौरी गिल यांच्या कृष्णधवल फोटोंवर शाईनं काम केलं आहे. फोटोत नुसतं माळरान दिसतं. तिथे काय घडून गेलं ते वांगड बारीक रेघांनी त्यावर भरतात. त्यांना "निवांत काढा" असं कुणी सांगितलं असेल का, कोण जाणे.

आता टॉवरचं. विजेचा टॉवर वारलीत बसत नाही असं ज्यांना वाटतं, त्यांनी एकदा हातात काडी घेऊन बघावं. वारली माणूस म्हणजे टोकाला टोक लावलेले दोन त्रिकोण, वर गोल डोकं, बाई असेल तर मागे अंबाडा. टॉवर तर आयता त्रिकोणांचाच आहे. बैल त्याहून अवघड. वशिंडाचा बाक एका दमात आला नाही तर त्याची शेळी होते. पिकअप काढताना लोक चुकतात ते वेगळ्याच ठिकाणी. गाडी तिरकी काढतात, काचेला चमक देतात, चाकाखाली सावली टाकतात. गाडी आडवीच हवी, चाकं चारही दिसायला हवीत, आणि हौद्याच्या फळीआड माणसं लपवायची नाहीत, पायापर्यंत पूर्ण काढायची. हे जमलं की पिकअप वारली होतो. नाहीतर ती वारली माणसं चिकटवलेली गाडी.

साहित्याचंही सांगते, कारण "खरा तांदळाचा रंग वापरता ना?" हाही प्रश्न ठरलेला. कारवीच्या कुडावर, शेणमातीनं सारवून गेरू दिलेल्या भिंतीवर तोच वापरते. वाटीभर तांदूळ रात्रभर भिजवून पाट्यावर गंधासारखा वाटायचा, फडक्यातून गाळायचा, चहाचा चमचाभर डिंकाचं पाणी घालायचं. डिंक कमी पडला तर वाळल्यावर बोटाला पांढरं लागतं. जास्त झाला तर रेघ तडकते. ओली असताना ही रेघ जवळजवळ दिसतच नाही, वाळेल तशी पांढरी होत जाते, म्हणून नवशिके तीच रेघ दोनदा गिरवतात आणि जाड करून ठेवतात. उन्हाळ्यात रंग दुसऱ्या दिवशी आंबतो. पण शहरातल्या पुट्टी-प्रायमरच्या भिंतीत पाणी शिरतच नाही. तिथे तांदूळ महिन्याभरात पापुद्र्यानं सुटतो, उरलेला मुंग्या नेतात. तिथे अॅक्रिलिक. ही फसवणूक असेल तर असो.

आणि आता ती भिंत, जिच्यामुळे मला या प्रश्नाची चीड येते. एका कंपनीचा जेवणाचा हॉल, भिंत चौदा फूट बाय आठ. मध्ये फेर, डावीकडे भाताची लावणी, वर विजेच्या तारा, उजव्या कोपऱ्यात दीड फुटाचा पिकअप, हौद्यात अकरा माणसं आणि एक कोंबडी. कच्चं चित्र त्यांनी मंजूर केलं होतं. चौथ्या दिवशी साहेब आले, बराच वेळ कोपऱ्याकडे बघत राहिले आणि म्हणाले, "जेवताना हे जरा उदास वाटतं. इथे बैलगाडी करा ना."

पांढरी रेघ लाल भिंतीवरून पुसता येत नाही, झाकावी लागते. तेवढ्याच जागी लाल रंग लावला तर ठिगळ दिसतं, कारण डबा तोच असला तरी चार दिवसांपूर्वी वाळलेला हात आणि आजचा हात एका छटेचे होत नाहीत. म्हणून आधी रेघा बारीक पॉलिश पेपरनं घासल्या, मग उजव्या कडेपासून फेरातल्या शेवटच्या माणसापर्यंत सगळा पट्टा दोन हात देऊन पुन्हा रंगवला. दोन हातांत चार तास सोडले. फेरातली तीन माणसं त्यात गेली, ती परत काढली. मग बैलगाडी. चांगली झाली, वशिंडं एका दमात आली.

पण अॅक्रिलिकची रेघ भिंतीवर किंचित उंच राहते, घासूनही पुरती जात नाही. संध्याकाळी पश्चिमेच्या खिडकीतून आडवा उजेड आला की बैलांच्या पोटातून पिकअपची चाकं दिसत होती. आणि कोंबडी. मी कुणाला दाखवलं नाही. उरलेले पैसे घेतले आणि निघाले.

नाही म्हणता आलं असतं का? आलं असतं. अर्धे पैसे बुडाले असते, बरोबरच्या दोन मुलींची मजुरीही. हे कारण आहे की सबब, ते मला अजून ठरवता आलेलं नाही. शिवाय दहा वर्षांपूर्वीची मी त्या साहेबांच्याच बाजूनं बोलले असते. कार्यशाळेत पोरांनी मोबाइल काढला की मी तो खोडायला लावायची. "हे आपलं नाही." मोबाइल त्यांच्याच खिशात होता.

आणि आता उलट झालंय. बाजारात सेल्फी काढणाऱ्या, स्कूटरवर बसलेल्या वारली माणसांच्या पिशव्या आल्यात, आणि त्या बघून मला पुन्हा तेच म्हणावंसं वाटतं. फरक काय, तर त्या स्कूटरवरचा माणूस कुठेच निघालेला नसतो. हा युक्तिवाद मलाच थोडा तकलादू वाटतो. पण चित्र समोर असलं की फरक दिसतो, एवढं नक्की.

हल्ली मी पिकअप कोपऱ्यात काढत नाही. मधोमध काढते, आणि तोही सगळ्यात आधी, मग त्याच्याभोवती फेर. म्हणजे तो काढून टाकायचा तर अख्खी भिंत काढावी लागते, आणि अख्ख्या भिंतीचा दर मी कामाच्या कागदावर आधीच लिहून घेते. गेल्या पावसाळ्यात एकानं तोही दर दिला.