व्यासांची तीन सेकंदे

ब्रिटिश दिग्दर्शक पीटर ब्रूक यांच्या १९८९ सालच्या ‘महाभारत’ या चित्रपटाची मराठी सबटायटल्स करण्याचे काम एका फिल्म सोसायटीकडून आले, तेव्हा कथा आपलीच असल्याने ते हातचा मळ आहे, असा माझा समज होता. चाचणीच्या दिवशी आवाज बंद ठेवून नुसती अक्षरे तपासत असताना प्रोजेक्शनवाले काका मागून म्हणाले, “मॅडम, माझं वाचून होईपर्यंत व्यास पुढचं बोलायलासुद्धा लागले.” प्रसंग आरंभीचा होता: तुमचे काव्य कशाविषयी आहे, असे एक मुलगा व्यासांना विचारतो. त्यावर मी लिहून ठेवले होते, ‘हे वत्सा, ही तुझ्याच कुलपरंपरेची पुण्यपावन गाथा होय’, आणि ती ओळ पडद्यावर जेमतेम तीन सेकंद टिकत होती.

या चित्रपटाचे एक पटकथाकार झाँ-क्लोद कारिएर यांचा तीन सेकंदांशी जुना संबंध. स्पॅनिश दिग्दर्शक लुई ब्युन्युएल यांच्यासाठी १९६४ ते १९७७ या काळात त्यांनी सहा चित्रपट लिहिले, तेव्हा एकाने कल्पना मांडली की दुसऱ्याने तीन सेकंदांत होकार किंवा नकार द्यायचा, असा त्यांचा नियम होता; बुद्धीला सबबी शोधायला उसंतच मिळू नये, हा हेतू. त्याही आधी, फ्रेंच विनोदी चित्रपटकार जाक ताती यांच्या चित्रपटांवरून कादंबऱ्या लिहायला घेतलेल्या या तरुणाला ताती यांनी संकलक सुझान बारों यांच्याकडे धाडले होते, आणि कागदावरची पटकथा फिल्मवर कशी उतरते हे तो तिथे मूव्हिओला या फिल्म-संकलनाच्या यंत्रापाशी शिकला. माझे वाक्य मात्र कागदावरच राहिले होते.

हेच महाभारत फ्रेंच नाटक म्हणून १९८५ मध्ये फ्रान्समधल्या आव्हिन्यों महोत्सवात दगडाच्या खाणीत नऊ तास रंगले होते (फ्रेंचमध्ये ‘कारिएर’ म्हणजे खाणच!). तिथे फ्रेंच शब्द पुरा पडेना, म्हणून कारिएर यांनी ‘धर्म’ हा शब्द तसाच ठेवला.

मी ओळ बदलली: ‘हे तुझ्याबद्दल आहे.’ काका काही न बोलता पुढच्या प्रसंगाकडे वळले. संध्याकाळपर्यंत सगळे ‘वत्स’ आणि ‘होय’ गळले. ‘धर्म’पाशी मात्र मी अडले, आपल्याकडे शब्द आहे, पण तो वाचताना आता आधी अर्जातला रकाना आठवतो. तासभर पर्याय शोधून शेवटी मीही तो तसाच ठेवला.