एका अँपरसँडपायी गेलेला दिवस
सी++मधील एक जुने फंक्शन पायबाइंड या, सी++चा कोड पायथनमधून वापरू देणाऱ्या लायब्ररीच्या साहाय्याने पायथनला जोडताना आज जवळजवळ सगळा दिवस गेला. ते फंक्शन व्हेक्टर (सी++मधील यादी) रेफरन्सने, म्हणजे प्रत न काढता मूळ व्हेक्टरच घेऊन जागच्या जागी त्याची क्रमवारी लावते; सी++मध्ये रेफरन्ससाठी ‘&’, म्हणजेच अँपरसँड, लिहितात. पायथनमधून मात्र [३, १, २] ही लिस्ट दिली, की कोणताही एरर न येता ती जशीच्या तशी राहत होती. कारण उमगले तेव्हा स्वतःचेच हसू आले : लिस्टमधील आकड्यांची प्रत काढून नवा व्हेक्टर तयार होतो, फंक्शन त्या प्रतीवर इमानेइतबारे काम करते आणि काम संपताच ती प्रत नष्ट होते. व्हेक्टरचा प्रकार ‘ओपेक’, म्हणजे लिस्टमधून आपोआप रूपांतर न होणारा, असा घोषित करता येतो, पण मग वापरणाऱ्याला साधी लिस्ट देता येत नाही, आणि ते मला पटेना. शेवटी रॅपरमध्ये, म्हणजे जोडणीच्या कोडमध्ये, चार ओळींचा लॅम्डा (छोटे निनावी फंक्शन) लिहून क्रमवारी लावलेला व्हेक्टर सरळ रिटर्न केला.