रामाचा आवाज बदललाय!

२६ जानेवारी २०२५, रविवार. सुट्टीच्या दिवशी मल्टिप्लेक्सच्या ड्युटी मॅनेजरनं बोलणी खायची ती एसी, पार्किंग आणि पॉपकॉर्नच्या भावावरून. पण ही तक्रार माझ्याकडे कधीच आली नव्हती. ‘रामायण: द लेजंड ऑफ प्रिन्स राम’ या ॲनिमेशनपटाचा हिंदी शो सुरू होऊन थोडाच वेळ झाला होता. साठीचे एक काका नातीचा हात धरून बाहेर आले. “अहो, हा अरुण गोविलांचा आवाज नाही. पैसे परत द्या.”

खरंच नव्हता. टीव्हीवर हा सिनेमा लागायचा तेव्हा राम अरुण गोविलांच्या आवाजात बोलायचा, रावण अमरीश पुरींच्या. थिएटरसाठी हिंदी डबिंग नव्यानं केलेलं. शो सुरू झाल्यावर रिफंड नाही, हे सांगून पाहिलं. काका ऐकेनात. मग मला राहवलं नाही.

“काका, ज्यानं हा सिनेमा काढला, त्याला रामाच्या जागी नटच नको होता.”

नात निवांत पॉपकॉर्न खात होती. मग तिथेच उभ्या उभ्या त्यांना युगो साकोंची गोष्ट सांगितली. हा जपानी गृहस्थ मूळचा माहितीपटवाला. १९८३ मध्ये, अलाहाबादजवळ पुरातत्त्वज्ञ बी. बी. लाल यांनी केलेल्या उत्खननावर ‘द रामायण रेलिक्स’ करताना रामायणानं त्यांना धरलं. जपानीतली दहा रामायणं वाचून काढली. राम देव आहे, तो हाडामांसाच्या नटापेक्षा चित्रातच शोभेल, असं त्यांचं मत झालं. समोर दिसेल ते टिपण्यात हयात घालवणाऱ्यानं कॅमेराच बाजूला ठेवावा, याचं मला अजून नवल वाटतं.

पुढे निर्मात्याच्या कपाळी असतं ते सगळं. पेपरात गैरसमजातून बातमी आली, विश्व हिंदू परिषदेचं निषेधाचं पत्र थेट जपानी वकिलातीत. कार्टूनमधलं रामायण म्हटल्यावर आपल्या सरकारनंही सहनिर्मितीला नकार दिला. शेवटी काम जपानमध्येच उभं राहिलं, जोडीला आपले ॲनिमेटर राम मोहन. धोतर कसं नेसतात, मोठ्यांचा आशीर्वाद कसा घेतात, हे आपल्या चित्रकारांनी तिकडच्यांना शिकवलं. साडेचारशेच्या आसपास कलाकार, लाखभर सेल (पारदर्शक पत्र्यांवरची चित्रं), सगळे हातानं काढलेले! १९९३ मध्ये दिल्लीच्या इफ्फीत, म्हणजे आंतरराष्ट्रीय चित्रपट महोत्सवात दाखवला, पण अयोध्येवरून वातावरण तापलेलं. भारतात रीतसर रिलीज व्हायला २०२५ चा २४ जानेवारी उजाडला. साको २०१२ मध्येच गेले.

“मग मूळ आवाज कुठला?”

“इंग्रजी. तोही आपल्याच नटांचा. गाणी मात्र संस्कृतात, वसंत देवांची.”

“‘उत्सव’ सिनेमाची गाणी लिहिणारे वसंत देव?”

“तेच. आणि या सिनेमाचं संगीत वनराज भाटियांचं.”

काकांचा पारा उतरला. “आजोबा, हनुमान येऊन जाईल,” म्हणत नातीनं त्यांना आत ओढलं.

इंटरव्हलला ते काउंटरवर हजर. संध्याकाळच्या इंग्रजी शोचं तिकीट हवं होतं. एकच. नातीला हिंदीतला रामच आवडला होता.