मिकीच्या आधीचा तानुकी

जुन्या जपानी ॲनिमेशनचा विषय निघाला की कुणीतरी हमखास म्हणतं, "ते प्राणी म्हणजे मिकी माउसची नक्कलच ना?"

हातापायांपुरतं म्हणाल तर हो. १९३०च्या दशकातले ते हाडं नसल्यासारखे वळणारे रबरी हातपाय अमेरिकेचेच. पण मिकी लोकांसमोर आला १९२८ साली. पण सुरुवातीच्या जपानी ॲनिमेशनकारांपैकी एक, कितायामा सेइतारो यांनी माकड आणि खेकड्याच्या भांडणाची लोककथा १९१७ मध्येच पडद्यावर आणली होती. दहा वर्षांनी मुराता यासुजी यांनी कागदाची कापलेली चित्रं हलवून तीच कथा पुन्हा केली.

माझा जीव मात्र तानुकीवर. तसा हा खराखुरा प्राणी, श्वानकुळातला, गुबगुबीत, डोळ्यांभोवती काळे डाग. लोककथांत तो बहुरूपी आहे. मुरातांच्या १९२८च्या फिल्मची कथा चहाची किटली बनलेल्या तानुकीची. १९३३ मध्ये ओइशी इकुओ यांनी तर सामुराईचं सोंग घेतलेल्या कोल्ह्याला पडक्या मंदिरात तानुकींशी भिडवलं. दोन्ही पक्ष रूपं पालटणारे, त्यामुळे मारामारी कमी आणि सोंगंच जास्त! एका आकारातून दुसरा काढणं हा तर ॲनिमेशनचा धंदाच. त्याला याहून सोयीचं पात्र कुठलं मिळणार? मिकी जन्मलाच नसता तरी तानुकी पडद्यावर नाचला असता, असं माझं ठाम मत.

आणि उसनवारीच मोजायची तर आपलाही हिशेब निघतो. काळीज झाडावर विसरलो म्हणून मगरीला फसवणारं पंचतंत्रातलं माकड आठवतं ना? ती गोष्ट बौद्ध ग्रंथांबरोबर चीनमार्गे जपानात पोचली. तिथे माकडाचं काळीज हवं असतं समुद्रातल्या नागराजाच्या महालात, औषध म्हणून. बेत फोडणाऱ्याला शिक्षा होते, त्याची हाडंच काढून घेतात. कुठे हा चुगलखोर जेलीफिश असतो, कुठे ऑक्टोपस. मुरातांनी १९२७ मध्ये ऑक्टोपसवाली कथा घेतली.

राहिला मिकी. १९३४च्या एका जपानी फिल्ममध्ये हुबेहूब त्याच्यासारखा उंदीर वटवाघळावर बसून बेटावर चाल करून येतो. बेटवासीयांच्या मदतीला पुस्तकातून लोककथांचे नायक बाहेर पडतात. त्यात पीच फळातून जन्मलेला मोमोतारो असतो (पुढे त्याला युद्धप्रचाराला जुंपलं, ते प्रकरण वेगळं) आणि समुद्रातल्या महालातून पेटी घेऊन परतलेला कोळी उराशिमा तारोही. उराशिमा म्हातारपण आणणारी आपली ती जादूची पेटी उघडतो, धूर निघतो आणि उंदराचा थेट म्हातारा होतो.